‘द व्हिलेजर्स’ आणि दक्षिण आफ्रिकेचा पहिला टीव्ही : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दक्षिण आफ्रिकेत वर्णद्वेषी राजवट ऐन भरात असताना टीव्ही सुरू झाला. त्याच्या पहिल्या काही वर्षांत गाजलेल्या मालिकांपैकी एक होती ‘द व्हिलेजर्स’. या मालिकेचा विषय निघाला की पुन्हा पुन्हा विचारले जाणारे प्रश्न इथे एकत्र घेतले आहेत. काहींची उत्तरं दोन ओळींत संपतात, काहींना थोडा दम धरून वाचावं लागेल.

‘द व्हिलेजर्स’ म्हणजे नेमकी कसली मालिका?

सोन्याच्या खाणीच्या वसाहतीत राहणाऱ्या कुटुंबांची. ‘व्हिलेज रीफ’ नावाची एक काल्पनिक खाण, तिच्याभोवती वसलेली कर्मचाऱ्यांची कॉलनी, आणि तिथल्या माणसांची कामं, संसार, प्रेमप्रकरणं, हेवेदावे. दक्षिण आफ्रिकेच्या सरकारी प्रसारण महामंडळावर, म्हणजे एसएबीसीवर, ती १९७६ ते १९७८ या काळात इंग्रजीत दाखवली गेली. लेखन जॉन कंडिल यांचं, दिग्दर्शन ग्रे हॉफमायर यांचं. गॉर्डन मुलहॉलंड यांचा हिल्टन मॅक्रे आणि क्लाइव्ह स्कॉट यांचा टेड डिक्सन ही पात्रं तिथल्या जुन्या प्रेक्षकांच्या अजून तोंडी आहेत.

खाणीची कॉलनी निवडण्यात लेखकाची चांगली जाण दिसते. अशा जागी सगळे सगळ्यांना ओळखतात. कामावरचा वरिष्ठ संध्याकाळी शेजारी असतो. बढतीची चुरस घराच्या उंबऱ्यापर्यंत येते. शिवाय जमिनीखाली रोज जिवाची जोखीम असते, त्यामुळे घरी वाट पाहणाऱ्या माणसाच्या साध्या बोलण्यालाही ताण येतो. कौटुंबिक मालिकेला यापेक्षा सोयीची जागा शोधून सापडणार नाही.

१९७६ म्हणजे तर फार उशीर. दक्षिण आफ्रिकेसारख्या श्रीमंत देशात टीव्ही इतका रखडला कसा?

तो रखडला नाही, अडवून धरला गेला. शेजारच्या ऱ्होडेशियात, म्हणजे आजच्या झिंबाब्वेत, टीव्ही १९६० साली आला. नायजेरियात १९५९ साली. आपल्या मुंबई दूरदर्शनचं केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं. जोहान्सबर्गमध्ये उंच इमारती होत्या, मोटारी होत्या, पहिली हृदयरोपण शस्त्रक्रिया १९६७ साली केप टाउनमध्येच झाली होती, पण घरात टीव्ही नव्हता.

याला कारण नॅशनल पक्षाचं सरकार. पंतप्रधान फेरवूर्ट यांनी टीव्हीची तुलना अणुबाँब आणि विषारी वायूशी केली होती : या गोष्टी आधुनिक आहेत म्हणून त्या हव्यातच असं नाही, असा त्यांचा युक्तिवाद. टपाल आणि तार खात्याचे मंत्री आल्बर्ट हर्टझोग तर या विरोधाचा चेहराच झाले. टीव्हीवर बाहेरून येणारे कार्यक्रम बहुतेक इंग्रजी असणार, त्यामुळे आफ्रिकान्स, म्हणजे डच वंशाच्या गोऱ्यांची, आफ्रिकानरांची भाषा मागे पडेल ही एक भीती. त्याहून मोठी भीती अशी की परदेशी चित्रांत गोरे आणि काळे एकत्र बसताना, एकत्र जेवताना, एकमेकांच्या घरी जाताना दिसतील, आणि ते पाहून इथल्या गोऱ्या मुलांचं आणि कृष्णवर्णीयांचंही मन बदलेल. ही भीती अनाठायी नव्हती, हे मला मुद्दाम सांगावंसं वाटतं. जी व्यवस्था माणसांनी एकमेकांना रोज पाहू नये यावर उभी होती, तिला दाखवणारं यंत्र धोक्याचं वाटणारच.

हर्टझोग यांचं मंत्रिपद १९६८ साली गेलं. पुढच्याच वर्षी, जुलै १९६९ मध्ये, माणूस चंद्रावर उतरला. जगभर कोट्यवधी लोक ते थेट बघत होते आणि दक्षिण आफ्रिकेतली माणसं रेडिओला कान लावून बसली होती. या प्रसंगाने गोऱ्या मतदारांतच चीड निर्माण झाली. त्यानंतर सरकारने पीट मेयर यांच्या अध्यक्षतेखाली आयोग नेमला आणि १९७१ साली त्या आयोगाने टीव्हीच्या बाजूने शिफारस केली. ५ मे १९७५ रोजी जोहान्सबर्गमध्ये चाचणी प्रसारण सुरू झालं आणि ५ जानेवारी १९७६ रोजी नियमित.

सुरुवातीला पडद्यावर काय दिसायचं?

एकच वाहिनी, फक्त संध्याकाळी आणि रात्री, आणि वेळेची काटेकोर निम्मी-निम्मी वाटणी : निम्मा वेळ आफ्रिकान्सला, निम्मा इंग्रजीला. एके दिवशी आधी आफ्रिकान्स आणि मग इंग्रजी, दुसऱ्या दिवशी उलट. उशिरा सुरुवात झाल्याचा एक फायदा असा की देशाने काळ्या-पांढऱ्या चित्राचा टप्पाच ओलांडला आणि पहिल्या दिवसापासून रंगीत प्रसारण केलं. आपल्याकडे रंगीत प्रसारण १५ ऑगस्ट १९८२ रोजी सुरू झालं, हे आठवलं की तिथल्या यंत्रसामग्रीवर किती खर्च झाला असेल याचा अंदाज येतो.

लहान मुलांसाठी ‘हास दास’ नावाचा ससा बाहुल्यांच्या जगातल्या बातम्या सांगायचा. त्याला आवाज देणारे रियान क्रॉयवाखन पुढे मोठ्यांच्या बातम्यांचे वृत्तनिवेदक म्हणून २०१२ पर्यंत पडद्यावर राहिले. जाहिराती मात्र १९७८ पर्यंत नव्हत्या.

देशातल्या बहुसंख्य माणसांच्या भाषा, म्हणजे झुलू, खोसा, सोथो, त्स्वाना, या वाटणीत कुठेच नव्हत्या.

कृष्णवर्णीयांना टीव्ही बघायला बंदी होती का?

कायद्याने नव्हती. परवाना काढून संच विकत घेता येत होता. पण जोहान्सबर्गजवळच्या सोवेटोसारख्या कृष्णवर्णीयांच्या वस्तीत त्या काळी बहुसंख्य घरांत वीजच नव्हती. ज्यांनी हौसेने संच घेतला त्यांतल्या अनेकांनी तो मोटारीच्या बॅटरीवर चालवला. शेजारपाजारची मंडळी एका घरात जमायची, हे दृश्य आपल्याकडच्या सत्तरच्या दशकातल्या चाळींना परकं नाही.

त्यांच्यासाठी वेगळ्या वाहिन्या निघाल्या त्या १९८२ च्या सुरुवातीला : झुलू आणि खोसासाठी टीव्ही-२, सोथो आणि त्स्वानासाठी टीव्ही-३. शाळा, बस, बाकडी, समुद्रकिनारे वाटून घेतल्यावर पडदाही तसाच वाटला गेला. कृष्णवर्णीयांसाठीचा रेडिओ आधीपासून असाच भाषावार तुकड्यांत विभागलेला होता.

मग ‘द व्हिलेजर्स’मध्ये कृष्णवर्णीय माणसं होती की नाही?

या प्रश्नाला ‘होती’ किंवा ‘नव्हती’ असं उत्तर दिलं तर मुद्दा हातातून सुटतो. चौकटीत कोण येऊन जातं यापेक्षा गोष्ट कोणाच्या घरात घडते ते बघायला हवं. ‘द व्हिलेजर्स’मधली घरं गोऱ्यांची आहेत. ज्यांच्या लग्नाची, आजाराची, बढतीची आणि फसवणुकीची आपल्याला काळजी वाटावी अशी लेखकाची इच्छा आहे, ती माणसं गोरी आहेत.

आता खऱ्या खाणीकडे बघा. सत्तरच्या दशकात तिथल्या सोन्याच्या खाणींत साडेतीन-चार लाखांच्या आसपास कृष्णवर्णीय कामगार होते. गोरे कर्मचारी त्यांच्या मानाने मूठभर. १९७० साली देशाने सुमारे १,००० टन सोनं काढलं, जगाच्या उत्पादनाच्या दोन तृतीयांशाहून अधिक. ते काढणाऱ्या हातांपैकी बहुतेक हात कृष्णवर्णीयांचे होते. त्यांची गोष्ट कौटुंबिक मालिकेत मध्यभागी आली नाही याला लेखकाची दृष्टी किंवा महामंडळाचं धोरण ही कारणं आहेतच. पण मला जे कारण सगळ्यात जास्त अस्वस्थ करतं ते वेगळं आहे. त्या कामगाराला खाणीवर कुटुंब ठेवूच दिलं जात नव्हतं.

म्हणजे काय? खाणकामगाराचं घर कुठे होतं?

शेकडो मैलांवर. लेसोथोच्या डोंगरात, मोझांबिकमध्ये, मलावीत, बोट्स्वानात, ट्रान्सकाईच्या खेड्यांत. खाणींच्या भरती संस्थांची कचेरी तिथे असायची. माणूस तिथे अंगठा उठवायचा, साधारण वर्षभराचा करार व्हायचा, रेल्वेने खाणीवर यायचा. करार संपला की परत गावी जायचं, आणि पुन्हा नव्याने भरती व्हायचं. अशी कित्येकांची उभी हयात गेली.

खाणीवर तो ‘कंपाउंड’मध्ये राहायचा. हे कंपाउंड म्हणजे फक्त पुरुषांसाठीचं, कुंपण असलेलं आणि फाटकावर पहारा असलेलं वसतिगृह. जुन्या कंपाउंडातली खोली डोळ्यांसमोर आणा : भिंतीला लागून सिमेंटचे ओटे, एकावर एक असे दोन. एका खोलीत पंधरा-वीस माणसं. गादी नाही, ओट्यावर आपापली चटई नि घोंगडी. काही जण ओट्यापुढे दोरी बांधून कापड लटकवायचे, तेवढाच आडोसा. डोक्याशी पत्र्याची पेटी, तिला कुलूप. वर्षभराच्या खाजगी आयुष्याला त्या माणसाला मिळणारी जागा एवढीच. पाळी पहाटे सुरू व्हायची, पिंजऱ्यातून दीड-दोन किलोमीटर, काही खाणींत तीन किलोमीटर खाली.

सरकारी धोरणानुसार खाणीवरच्या कृष्णवर्णीय कामगारांपैकी जास्तीत जास्त ३ टक्क्यांनाच सहकुटुंब राहण्याची घरं देता येत होती. शंभरांतल्या तिघांना. आणि प्रत्यक्षात तेवढीही दिली जात नव्हती. उरलेल्या सत्त्याण्णवांच्या बायकामुलांना त्या वसाहतीत राहायचा हक्क नव्हता. त्याच खाणीच्या दुसऱ्या बाजूला, झाडांच्या रांगेपलीकडे, गोऱ्या कर्मचाऱ्यांची बंगल्यांची कॉलनी असायची : हिरवळ, टेनिस कोर्ट, क्लब. ‘द व्हिलेजर्स’ घडते ती या बाजूला.

आपल्या गिरणगावातला कोकणातून आलेला चाकरमानी इथे कोणालाही आठवेल. तोही बायकोला गावी ठेवून गाळ्यात दहाबारा जणांबरोबर राहिला, खानावळीत जेवला, मनीऑर्डर पाठवत राहिला. त्याचे हाल खरे होते, त्यांना कमी लेखायचं कारण नाही. पण ऐपत झाल्यावर त्याने दादरला, परळला, डोंबिवलीला खोली घेऊन संसार मांडला तर पोलीस येऊन त्याच्या बायकोला गाडीत घालत नव्हते. दक्षिण आफ्रिकेत नेमकं हेच होत होतं. शहरात राहायला, काम करायला कृष्णवर्णीयांना परवान्याचं पुस्तक, म्हणजे ‘पास’, जवळ बाळगावं लागे. या पासाच्या कायद्याखाली दरवर्षी लाखो माणसं पकडली जात, आणि त्यांत नवऱ्याला भेटायला आलेल्या बायका असत.

कामातही असाच फरक होता का?

होता, आणि कायद्यानेच. १९११ आणि १९२६ च्या खाण कायद्यांनी कौशल्याची कामं गोऱ्यांसाठी राखून ठेवली. सुरुंग उडवण्याचा परवाना त्यांतला सर्वांत महत्त्वाचा. तो कृष्णवर्णीयांना ऐंशीच्या दशकाच्या शेवटापर्यंत मिळू शकला नाही. प्रत्यक्षात खडकाची नस ओळखणारा, टोळी चालवणारा अनुभवी मुकादम कृष्णवर्णीय असे. त्याच्या हुद्द्याचं नाव ‘बॉस बॉय’, मग तो पन्नाशीचा का असेना. १९७० च्या सुमाराला गोऱ्या खाणकामगाराचा पगार कृष्णवर्णीयाच्या सुमारे वीस पट होता. वरिष्ठ आणि कामगार आपसात ‘फानागालो’ बोलत, ही झुलू, इंग्रजी आणि आफ्रिकान्स मिळून झालेली कामचलाऊ बोली. तिच्यात हुकूम चांगले देता येतात.

१९७३ साली कार्लटनव्हिलजवळच्या वेस्टर्न डीप लेव्हल्स खाणीत पगारावरून असंतोष उसळला आणि पोलिसांच्या गोळीबारात कामगार मारले गेले. ‘द व्हिलेजर्स’ पडद्यावर आली तेव्हा ही घटना जुनी झालेली नव्हती.

गोऱ्यांच्या घरात कृष्णवर्णीय बाई असायचीच ना? ती तर कुटुंबातलीच मानली जायची म्हणतात.

असं म्हणणारी गोरी कुटुंबं खूप होती आणि त्यांतल्या अनेकांच्या मनात माया खरीही असेल. पण ती बाई कुठे झोपत होती ते विचारावं. घराच्या मागे, मोटारीच्या गॅरेजला लागून तिची वेगळी खोली. शहरात राहायचा तिचा हक्क पासवर उमटलेल्या शिक्क्यावर अवलंबून. शहरी भागात राहण्याचा हक्क नसलेल्या कृष्णवर्णीयाला ७२ तासांपेक्षा जास्त थांबता येत नसे, त्यामुळे नवरा रात्री तिच्या खोलीत सापडला तर दोघंही अडचणीत. तिची मुलं बहुधा गावी, आजीकडे. दुसऱ्याच्या मुलांना न्हाऊमाखू घालून शाळेत पाठवायचं आणि स्वतःच्या मुलांना वर्षातून एकदा, नाताळच्या सुट्टीत भेटायचं.

गोऱ्यांच्या कौटुंबिक मालिकेत ही बाई चहाचा ट्रे घेऊन येते आणि निघून जाते. ती ज्या दारातून आत जाते त्या दारामागे एक पूर्ण मालिका होती.

मालिकांवर सेन्सॉरची कात्री चालायची का?

कात्री चालवायची वेळ क्वचितच येत असावी, कारण चौकट आधीच आखलेली होती. टीव्हीची शिफारस करणारे पीट मेयर एसएबीसीचे अध्यक्ष होते, आणि बारा वर्षं ते ‘ब्रूडरबाँड’चेही अध्यक्ष होते. ब्रूडरबाँड म्हणजे आफ्रिकानर सत्ताधाऱ्यांची गुप्त संघटना. टीव्ही सरकारच्या हातात होता याचा अर्थ इतका थेट होता.

शिवाय देशाचे कायदेच कथानकाला हद्द घालत होते. १९४९ च्या कायद्याने गोरे आणि इतर यांच्यातल्या विवाहाला बंदी, त्यानंतरच्या कायद्याने शरीरसंबंधालाही. ही बंदी १९८५ साली उठली. म्हणजे खाणीच्या कॉलनीत घडणाऱ्या प्रेमकथेत कोण कोणाच्या प्रेमात पडू शकतं हे लेखक लिहायला बसण्यापूर्वीच ठरलेलं होतं. नेल्सन मंडेला यांचं छायाचित्र छापायलाही मनाई होती. तुरुंगात गेलेल्या त्या माणसाचा चेहरा कसा दिसतो हे एका पिढीला ठाऊक नव्हतं.

सोवेटोचा उठाव त्याच वर्षी झाला ना?

हो, १६ जून १९७६. टीव्ही सुरू होऊन सहा महिनेही झाले नव्हते. शाळांत आफ्रिकान्स माध्यम लादण्याविरुद्ध हजारो विद्यार्थी रस्त्यावर आले, पोलिसांनी गोळ्या झाडल्या. बारा वर्षांच्या हेक्टर पीटरसनला उचलून धावणाऱ्या मुलाचं छायाचित्र जगभर गेलं. देशातल्या टीव्हीवर मात्र दंगल, जाळपोळ, सुव्यवस्था या शब्दांत सरकारी बाजू येत राहिली. परदेशातल्या प्रेक्षकांनी सोवेटोबद्दल त्या आठवड्यात जे पाहिलं, ते काही मैलांवर राहणाऱ्या गोऱ्या कुटुंबाने पाहिलं नाही. बातम्या संपल्या की मालिका लागत.

या मालिकांतले कलाकार सरकारधार्जिणे होते का?

सरसकट असं म्हणणं अन्यायाचं होईल. बहुतेक नट रंगभूमीवरून आणि रेडिओवरून आले होते. स्प्रिंगबोक रेडिओ १९५० पासून रोज श्रुतिका आणि मालिका ऐकवत होता, तिथे आवाज कमावलेल्या माणसांना टीव्हीने पहिल्यांदा चेहरा दिला. (टीव्हीने पुढे त्याच रेडिओचे जाहिरातदार पळवले. तो १९८५ च्या अखेरीस बंद पडला.) ब्रिटनच्या नटांच्या संघटनेने १९७६ पासून आपल्या सभासदांचं काम दक्षिण आफ्रिकेला विकायला बंदी घातली. त्यामुळे बाहेरचा इंग्रजी माल आटला, अमेरिकी मालिका वाढल्या, जर्मन गुन्हेगारी मालिका आफ्रिकान्समध्ये डब होऊ लागल्या आणि देशी मालिकांना मागणी आली. ‘द व्हिलेजर्स’ला मोठा प्रेक्षक मिळाला त्यामागे हेही एक कारण आहे.

पण त्या काळचं आणखी एक चित्र शेजारी ठेवायला हवं. जॉन कानी आणि विन्स्टन एन्टशोना या दोन कृष्णवर्णीय नटांना १९७५ साली न्यूयॉर्कमध्ये उत्कृष्ट अभिनयाचा टोनी पुरस्कार विभागून मिळाला. त्यांच्या दोन नाटकांपैकी एक तर पासबुकावरच होतं : कामासाठी शहरात आलेला, बायकोला गावी पत्र लिहिणारा एक माणूस, आणि त्याच्या पासवरचा शिक्का. २१ जून १९७६ रोजी, म्हणजे सोवेटोच्या गोळीबारानंतर पाचच दिवसांनी, जोहान्सबर्गच्या जुन्या भाजी बाजारात मार्केट थिएटर सुरू झालं, आणि तिथे काळे-गोरे नट एकत्र काम करत, काळे-गोरे प्रेक्षक शेजारी बसत. म्हणजे कंपाउंडातल्या माणसाची गोष्ट सांगू शकणारी माणसं त्याच शहरात होती, जगाने वाखाणलेली होती. एसएबीसीच्या स्टुडिओचं दार त्यांच्यासाठी उघडलं गेलं नाही. ‘त्या काळात कोणाला सुचलंच नसेल’ असं म्हणणाऱ्यांना मी हे उत्तर देते.

महाराष्ट्राशी या सगळ्याचा काही संबंध आहे का?

मालिकेशी थेट नाही. भारताने दक्षिण आफ्रिकेशी व्यापार १९४६ सालीच तोडला होता आणि भारतीय पासपोर्ट त्या देशासाठी चालत नसे, त्यामुळे तिथली मालिका आपल्याकडे दिसण्याचा प्रश्नच नव्हता. पण तिथल्या प्रेक्षकांत आपली माणसं होती. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी रत्नागिरी आणि आजच्या रायगड भागातून कोकणी मुसलमान केप टाउनला गेले, दुकानं थाटली, मशिदी बांधल्या, घरात कोकणी बोलत राहिले. १९५० च्या ग्रुप एरियाज कायद्याने त्यांनाही शहरातल्या मिश्र वस्त्यांतून उठवलं आणि भारतीयांसाठी नेमून दिलेल्या रायलंड्ससारख्या भागात पाठवलं. डर्बनजवळचं चॅट्सवर्थ, जोहान्सबर्गजवळचं लेनेशिया ही अशीच नेमून दिलेली भारतीय उपनगरं. या घरांतही १९७६ साली टीव्ही आले. भारतीयांची लोकसंख्या लाखांत होती, पण संध्याकाळच्या त्या दोन भाषांच्या वाटणीत त्यांचं घर कुठेच नव्हतं.

साधारण त्याच वर्षांत मुंबई दूरदर्शनवर चिमणराव आणि गुंड्याभाऊ घराघरांत पोचले होते. तिथेही चौकट एका ठरावीक मध्यमवर्गीय, उच्चवर्णीय घराची होती, हे मान्य करायला आपण कचरू नये.

मग ‘द व्हिलेजर्स’ ही वर्णद्वेषी मालिका म्हणायची?

माझ्या मते तिला प्रचारपट म्हणणं चूक आहे. तिच्यात कोणी वर्णभेदाची भलामण करायला बसलेलं नाही. लेखनात माणसांची समज आहे, दिग्दर्शकाला जागेची जाण आहे, नट कसलेले आहेत. गोऱ्या खाणकामगारांचं, त्यांतही पगारावर जगणाऱ्या सामान्य माणसांचं जग तोवर पडद्यावर आलं नव्हतं, ते तिने आणलं. ज्यांचं बालपण त्या मालिकेबरोबर गेलं त्यांच्या आठवणी खोट्या ठरवायची मला इच्छा नाही.

पण तिच्या साधेपणातच तिचं खरं काम दडलेलं आहे. राजकारणाचा शब्द न काढता ती दर आठवड्याला एक गोष्ट प्रेक्षकाच्या मनावर ठसवत होती : खाण म्हणजे ही कॉलनी, आणि गावकरी म्हणजे ही माणसं. ज्या माणसांमुळे खाण चालत होती त्यांना बायका आहेत, आईबाप आहेत, मुलाच्या परीक्षेची चिंता आहे, हे त्या प्रेक्षकाला कोणत्याही संध्याकाळी कळलं नाही. प्रचारपट पाहताना माणूस निदान सावध असतो. कौटुंबिक मालिका पाहताना तो जेवणाचं ताट मांडीवर घेऊन बसलेला असतो.

कृष्णवर्णीय कुटुंब टीव्हीच्या मध्यभागी कधी आलं?

टीव्ही-२ आणि टीव्ही-३ सुरू झाल्यावर आफ्रिकी भाषांत नाट्यमालिका आणि विनोदी मालिका येऊ लागल्या. १९८६ ची ‘स्गुडी स्नायसी’ आणि तिच्यातला जो माफेला यांचा स्डुमो लोकांनी डोक्यावर घेतला. पण या वाहिन्याही सरकारच्याच होत्या, आणि काळ्यांचं जग फक्त काळ्यांना दाखवणं ही विभागणी त्यांनी मोडली नाही. १९९२ साली खाजगी वाहिनीवर ‘एगोली’ आली, नंतर नव्वदच्या दशकातच एम्फुंडी वुंडला यांची ‘जनरेशन्स’, जिच्यात श्रीमंत, महत्त्वाकांक्षी कृष्णवर्णीय घराणी होती. १९९४ च्या निवडणुकीच्या आसपासच्या त्या वर्षांत अशी घराणी पडद्यावर येणं हीच मोठी घटना होती.

‘द व्हिलेजर्स’च्या मंडळींनी पुढे खाणीकडे पुन्हा पाहिलं का?

पाहिलं. ग्रे हॉफमायर यांनी १९९८ साली ‘इसिडिंगो’ सुरू केली. पुन्हा सोन्याची खाण, पुन्हा कॉलनी, यावेळी नाव ‘होरायझन डीप’. फरक असा की आता एकाच गावात काळी, गोरी, भारतीय कुटुंबं राहत होती, संवाद एका वाक्यात दोन-तीन भाषा ओलांडत होते, आणि कृष्णवर्णीय खाणकामगाराच्या घरात बायको, मुलं, भांडणं, लग्नं सगळं होतं. त्या वेळी प्रत्यक्ष खाणींवर मात्र जुन्या कंपाउंडांचं काय करायचं हा प्रश्न सुटलेला नव्हता. काही ठिकाणी त्यांची कौटुंबिक घरं झाली, काही ठिकाणी कामगारांनी भत्ता घेऊन खाणीबाहेर पत्र्याच्या झोपड्या उभ्या केल्या. १६ ऑगस्ट २०१२ रोजी मारिकानाच्या प्लॅटिनम खाणीवर संपकऱ्यांवर पोलिसांनी गोळीबार केला, ३४ जण मारले गेले. त्यांतले अनेक जण पूर्व केपमधल्या खेड्यांतून आलेले होते आणि त्यांची कुटुंबं तेव्हाही गावीच होती. ‘इसिडिंगो’ तेव्हा चालू होती. ती मार्च २०२० मध्ये थांबली.